न्यायमूर्ती विल्यम हेस्टी : पद घेणारा आणि पद सोडणारा माणूस

(अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



व्याख्यानाचा विषय निवडण्याची मोकळीक आपण मला दिलीत. वकिलास अशी मोकळीक मिळाली की तो संविधानाची कलमे मोजू लागतो, ही श्रोत्यांची जुनी तक्रार आहे. म्हणून आज मी कलमे बाजूला ठेवून एका माणसाविषयी बोलणार आहे. हा माणूस अमेरिकेतील होता आणि त्याचे नाव विल्यम हेन्री हेस्टी असे होते. १९४९ साली तो अमेरिकेच्या फेडरल अपील न्यायालयाचा न्यायाधीश झाला. त्या दर्जाच्या न्यायासनावर बसलेला तो पहिला कृष्णवर्णीय गृहस्थ होय.

हेस्टीचीच निवड मी का केली, हेही सांगतो. शिकलेली मुले भेटावयास आली की एक प्रश्न हटकून विचारतात. ज्या सरकारच्या कचेरीत आपल्या लोकांना न्याय मिळत नाही, त्याच सरकारचे पद आपल्यातील एखाद्याने स्वीकारावे काय? स्वीकारले तर तो विकला गेला असे समजावयाचे की आत शिरला असे समजावयाचे? ह्या प्रश्नाचे तयार उत्तर माझ्यापाशी नाही. परंतु हेस्टीने अशी पदे एकदा नव्हे, अनेकदा घेतली आणि त्यांपैकी एक सर्व देशास ऐकू जाईल अशा रीतीने सोडले. त्याचे चरित्र समोर ठेवून विचार केला तर प्रश्न निदान नीट मांडता तरी येतो.

प्रथम त्या काळची परिस्थिती थोडक्यात सांगितली पाहिजे. १८६५ साली अमेरिकेत गुलामगिरी कायद्याने संपली. १८६८ च्या चौदाव्या घटनादुरुस्तीने सर्वांस कायद्याचे समान संरक्षण दिले. असे असूनही १८९६ साली प्लेसी खटल्यात तेथील सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला की, गोऱ्यांसाठी व काळ्यांसाठी आगगाडीचे डबे वेगळे ठेवले तरी ते समान असतील तर घटनेचा भंग होत नाही. मग डब्यांमागोमाग शाळा वेगळ्या झाल्या. इस्पितळे, पाण्याचे नळ आणि न्यायालयातील बाकेसुद्धा वेगळी झाली. ‘वेगळे’ तेवढे कसोशीने पाळले गेले. ‘समान’ मात्र कागदावरच राहिले. ह्या निर्णयानंतर आठ वर्षांनी, १७ नोव्हेंबर १९०४ रोजी, टेनेसी राज्यातील नॉक्सव्हिल गावी हेस्टीचा जन्म झाला.

वडील सरकारी कचेरीत कारकून होते, तर आई लग्नापूर्वी शिक्षिका होती. १९१६ साली हे कुटुंब राजधानी वॉशिंग्टनला राहावयास गेले. मुलास डनबार हायस्कूलमध्ये घालता यावे हा त्यातील एक मोठा हेतू होता. डनबार ही केवळ कृष्णवर्णीयांची शाळा होती, परंतु तेथील शिक्षक असामान्य होते. मोठमोठ्या विद्यापीठांच्या पदव्या घेतलेल्या कृष्णवर्णीयांना विद्यापीठांत नोकरीचे दार बंद असे, म्हणून ते येथे हायस्कूलच्या मुलांना शिकवीत. अन्यायाचा असा उलटा फायदा कधीकधी एखाद्या पिढीस मिळतो. तो मिळाला म्हणून अन्यायाचे आभार मानण्याचे मात्र कारण नाही. हेस्टी १९२१ साली डनबारमधून आणि १९२५ साली मॅसॅच्युसेट्समधील ॲम्हर्स्ट कॉलेजातून, दोन्ही वेळा पहिल्या क्रमांकाने बाहेर पडला. रक्तातील प्लाझ्मा साठविण्याच्या कामात पुढे जगप्रसिद्ध झालेले डॉक्टर चार्ल्स ड्रू हे ह्याच दोन्ही संस्थांत त्याच्या बरोबरीने शिकत होते. पुढे महायुद्धाच्या काळात अमेरिकेच्या रेडक्रॉसने गोऱ्यांचे रक्त व काळ्यांचे रक्त वेगवेगळ्या बाटल्यांत साठविण्याचा नियम केला. ज्याने साठवणीची विद्या वाढविली त्याच्याच रक्तास वेगळी बाटली! ह्या नियमास विज्ञानाचा काडीचाही आधार नाही, असे ड्रू ह्यांनी उघड सांगितले.

दोन वर्षे न्यू जर्सीतील बॉर्डेंटाउन येथे शिक्षकाचे काम करून हेस्टी हार्वर्डच्या विधी महाविद्यालयात गेला. तेथील प्रतिष्ठित ‘लॉ रिव्ह्यू’च्या संपादक मंडळात त्याची निवड झाली. त्याच्यापूर्वी हा मान एकाच कृष्णवर्णीय विद्यार्थ्यास मिळाला होता, आणि तो विद्यार्थी म्हणजे त्याचाच दूरचा चुलतभाऊ चार्ल्स हॅमिल्टन ह्यूस्टन. १९३० साली पदवी मिळताच हेस्टी ह्यूस्टन ह्यांच्या वकिली कचेरीत काम करू लागला आणि त्याबरोबरच हॉवर्ड विद्यापीठात कायदा शिकवू लागला. १९३३ साली हार्वर्डने त्यास कायद्यातील डॉक्टरेट दिली.

हॉवर्डविषयी दोन शब्द अधिक बोलतो, कारण पुढची सारी कहाणी तेथून निघते. ह्यूस्टन ह्यांनी तेथील रात्रीचे वर्ग बंद करून पूर्णवेळ महाविद्यालय उभे केले आणि एकच उद्देश डोळ्यांसमोर ठेवला : वर्णभेदाचे कायदे न्यायालयात पाडू शकतील असे वकील तयार करणे. त्यांची शिस्त इतकी कडक होती की विद्यार्थी वैतागत. ह्याच वर्गातून १९३३ साली थर्गुड मार्शल बाहेर पडले. ते पुढे सर्वोच्च न्यायालयाचे पहिले कृष्णवर्णीय न्यायमूर्ती झाले. सर्वोच्च न्यायालयात मोठा खटला चालवावयाचा असला म्हणजे आधी हॉवर्डमध्ये त्याची रंगीत तालीम होई. प्राध्यापक न्यायाधीश होऊन बसत, आणि उद्या बाजू मांडणाऱ्या वकिलास आडवे-तिडवे प्रश्न विचारून भंडावून सोडीत. आपल्याकडील कायद्याचे विद्यार्थी केवळ गाइडे पाठ करून परीक्षा देतात, त्यांनी हे ध्यानात घ्यावे असे सहज वाटते.

हेस्टीचा पहिला महत्त्वाचा खटला तो हरला. १९३३ साली नॉर्थ कॅरोलायना राज्यात टॉमस होकट नावाच्या तरुणास औषधशास्त्र शिकावयाचे होते. ती शाखा त्या राज्याच्या विद्यापीठात होती, परंतु विद्यापीठात काळ्यांना प्रवेश नव्हता. एन.ए.ए.सी.पी. ह्या संस्थेने हेस्टीस डरहॅम येथे पाठविले. तेव्हा त्याचे वय २८ वर्षांचे होते. त्याचे युक्तिवाद ऐकून विरुद्ध बाजूचेही लोक चकित झाले. परंतु होकट ज्या कृष्णवर्णीयांच्या कॉलेजात शिकला होता, त्याच्या प्रमुखानेच त्याच्या गुणपत्रिकेची प्रत देण्याचे नाकारले. त्या संस्थेस राज्य सरकारकडून पैसा मिळत असे, आणि ते सरकार नाराज होऊ नये अशी प्रमुखाची इच्छा होती. अर्ज अपुरा ठरला आणि खटला पडला. आपल्याच माणसाने दार लावून घेतल्याची ही गोष्ट मी मुद्दाम सांगतो. त्या प्रमुखास शिव्या देणे सोपे आहे, परंतु त्याच्या डोक्यावर शेकडो विद्यार्थ्यांच्या संस्थेचे ओझे होते हेही खरे आहे. पद माणसास कसे बांधून टाकते, त्याचे हे एक उदाहरण झाले.

त्याच वर्षी हेस्टीने स्वतः सरकारी पद घेतले. राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट ह्यांच्या राजवटीत तो गृहखात्याचा, म्हणजे तेथील ‘इंटीरियर’ खात्याचा, सहायक विधी-अधिकारी झाला. खात्याकडे व्हर्जिन बेटांचा कारभार होता. ही बेटे अमेरिकेने १९१७ साली डेन्मार्ककडून विकत घेतली होती आणि तेथील बहुसंख्य प्रजा कृष्णवर्णीय होती. त्या बेटांसाठी १९३६ साली जो मूलभूत कायदा झाला, त्याच्या रचनेत हेस्टीचा हात होता. १९३७ साली त्याच बेटांच्या जिल्हा न्यायालयावर त्याची नेमणूक झाली, आणि तो अमेरिकेच्या इतिहासातील पहिला कृष्णवर्णीय फेडरल न्यायाधीश ठरला. मात्र ही जागा चार वर्षांच्या मुदतीची होती. मुदत पुरी होण्याची वाट न पाहता १९३९ साली त्याने राजीनामा दिला आणि हॉवर्डच्या विधी महाविद्यालयाचे प्रमुखपद पत्करले. न्यायासन सोडून वर्गाकडे परतलेल्या ह्या माणसाविषयी मला फार आदर वाटतो.

ह्याच सुमारास नॉरफोक शहरातील शिक्षकांचा खटला झाला. तो मी जरा सविस्तर सांगणार आहे, कारण अपील न्यायालय म्हणजे काय ते त्यावरून उमजते. व्हर्जिनिया राज्यातील नॉरफोक येथे मेल्व्हिन ऑलस्टन नावाचे एक कृष्णवर्णीय हायस्कूल शिक्षक होते. त्यांचा वर्षाचा पगार ९२१ डॉलर होता. तीच पात्रता असलेल्या व तेच काम करणाऱ्या गोऱ्या शिक्षकास १२०० डॉलर मिळत. ऑलस्टन ह्यांनी दावा लावला. खालच्या न्यायालयाने तो फेटाळला : तुम्ही स्वखुशीने करारावर सही केलीत, आता तक्रार कसली? हा युक्तिवाद ऐकून आपल्यापैकी पुष्कळांना आपल्या गावची आठवण होईल. मग मार्शल, हेस्टी व त्यांचे सहकारी चौथ्या सर्किटच्या अपील न्यायालयात गेले. १९४० साली त्या न्यायालयाने निकाल दिला की, केवळ वर्णावरून पगारात फरक करणे हा चौदाव्या दुरुस्तीचा भंग आहे, आणि करारावर सही केल्याने माणूस आपला घटनात्मक हक्क गमावीत नाही. शाळामंडळ सर्वोच्च न्यायालयाच्या दारात गेले, परंतु त्या न्यायालयाने प्रकरण ऐकण्याचे नाकारले. म्हणून अपील न्यायालयाचा शब्द अखेरचा ठरला.

हीच ह्या न्यायालयांची खरी शक्ती होय. अमेरिकेत फेडरल न्यायालयांच्या तीन पायऱ्या आहेत. खाली जिल्हा न्यायालये, मध्ये प्रदेशवार सर्किटची अपील न्यायालये, आणि वर सर्वोच्च न्यायालय. वरच्या न्यायालयाकडे हजारो अर्ज जातात, त्यांपैकी मोजकेच ऐकले जातात. बाकीच्या सर्व पक्षकारांचे भवितव्य मधल्या पायरीवरील तीन न्यायाधीश ठरवितात. त्यांची नावे वर्तमानपत्रात क्वचितच येतात. त्यांची नेमणूक राष्ट्राध्यक्ष करतो, सिनेट तीस संमती देते, आणि एकदा संमती मिळाली की वर्तन चांगले असेपर्यंत त्यांस कोणी काढू शकत नाही. पगारही कमी करता येत नाही.

आता त्या राजीनाम्याकडे वळतो. १९४० हे निवडणुकीचे वर्ष होते. कृष्णवर्णीय मतदार सैन्यातील वर्णभेदावर संतापले होते. अशा वेळी युद्धमंत्री हेन्री स्टिमसन ह्यांचा मुलकी सल्लागार म्हणून हेस्टीची नेमणूक झाली. आपल्याला शोभेचे बाहुले म्हणून बसविले जाण्याचा धोका आहे, हे त्यास कळत होते. तरी त्याने पद घेतले आणि काम केले. सैन्यतळांवरील मारहाणीच्या तक्रारी त्याने तपासल्या. १९४१ च्या सप्टेंबरमध्ये एक सविस्तर अहवाल देऊन त्याने सैन्यातील वेगळेपणा मोडण्यास हळूहळू का होईना, परंतु आरंभ करा असे सुचविले. सेनाप्रमुख जनरल मार्शल ह्यांचे उत्तर डिसेंबरच्या पहिल्या दिवशी आले. त्याचा आशय असा की, जो सामाजिक प्रश्न देशास इतकी वर्षे सुटला नाही तो सैन्याने सोडवावा अशी अपेक्षा करणे बरोबर नाही. एका आठवड्याने जपानने पर्ल हार्बरवर हल्ला केला. लोकशाहीसाठी लढावयाचे, परंतु रांगा वेगळ्या ठेवून!

हवाई दलाने तर कमालच केली. आधी काळ्यांना विमान चालविण्यास घेतलेच नाही. मग घेतले, ते अलाबामा राज्यातील टस्कीगी येथे वेगळा तळ बांधून. मार्च १९४२ मध्ये तेथून पहिले पाच वैमानिक तयार झाले. कृष्णवर्णीय समाजात आनंद झाला, आणि तो स्वाभाविक होता. परंतु हेस्टीचा ह्या वेगळ्या तळास पहिल्यापासून विरोध होता. त्याचे म्हणणे असे की, आज दिलेला वेगळा तळ उद्या ‘तुम्हांस तुमचे मिळाले आहे’ असे म्हणण्याचे साधन होईल. आपल्याच लोकांच्या आनंदात तो मीठ कालवीत आहे, असे त्यावेळी काहींस वाटले. माझ्या मते ह्या बाबतीत दोन्ही बाजूंजवळ काही सत्य होते. टस्कीगीच्या वैमानिकांनी युरोपच्या आकाशात जे कर्तृत्व दाखविले, त्याने वर्णभेदाचा पुष्कळसा आधार काढून घेतला. ती संधीच नाकारली असती तर हे घडले नसते. परंतु हेस्टीने विरोध केला नसता, तर वेगळेपणास समाजाची संमती आहे असा पुरावा सरकारच्या हाती आयता पडला असता.

अखेरीस हवाई दलाने मिसुरी राज्यातील जेफर्सन बॅरॅक्स येथे कृष्णवर्णीय अधिकाऱ्यांच्या शिक्षणासाठी आणखी एक वेगळी शाळा काढण्याचे ठरविले, आणि तेही ह्या विषयावरील सल्लागार म्हणून नेमलेल्या माणसास न विचारता. जानेवारी १९४३ मध्ये हेस्टीने राजीनामा दिला. महायुद्ध ऐन भरात होते. अशा वेळी युद्धखात्याविरुद्ध बोलणे म्हणजे देशद्रोहाचा आळ ओढवून घेणे होते. सामान्यतः असे राजीनामे प्रकृतीच्या कारणावरून दिले जातात. हेस्टीने कारणे वर्तमानपत्रांत छापून आणली आणि पुढे त्यांची एक पुस्तिकाही निघाली. थोड्याच दिवसांत हवाई दलाने आपल्या धोरणात काही सुधारणा जाहीर केल्या. दोन वर्षे आतून लिहिलेल्या टिपणांनी जे झाले नाही, ते एका राजीनाम्याने अंशतः झाले. परंतु ती दोन वर्षे आत काढली नसती, तर राजीनाम्यात लिहावयाचा तपशील त्याच्यापाशी कोठून आला असता? त्याच वर्षी एन.ए.ए.सी.पी.ने त्यास आपले स्पिनगार्न पदक दिले. सैन्यातील वर्णभेद बंद करण्याचा हुकूम राष्ट्राध्यक्ष ट्रुमन ह्यांनी २६ जुलै १९४८ रोजी काढला.

पद सोडल्यावर हेस्टी पुन्हा न्यायालयात उभा राहिला. टेक्सास राज्यात डेमोक्रॅटिक पक्षाच्या प्राथमिक निवडणुकीत काळ्यांना मत नव्हते. पुणे करार वाचलेल्यांना प्राथमिक निवडणूक हा शब्द परका नाही. परंतु टेक्सासची तऱ्हा अगदी वेगळी होती. तेथे डेमोक्रॅटिक पक्षाचा उमेदवार ठरला म्हणजे निवडणूक संपल्यातच जमा असे. त्यामुळे ज्यास प्राथमिक निवडणुकीत मत नाही त्यास मत नाहीच. पक्ष म्हणे, आमची खाजगी संघटना आहे, कोणास घ्यावयाचे ते आम्ही ठरवू. ह्यूस्टन शहरातील दंतवैद्य लॉनी स्मिथ ह्यांच्या वतीने मार्शल व हेस्टी ह्यांनी सर्वोच्च न्यायालयात बाजू मांडली. ३ एप्रिल १९४४ रोजी आठ विरुद्ध एक अशा बहुमताने ‘गोऱ्यांची प्राथमिक निवडणूक’ घटनाबाह्य ठरली. दोन वर्षांनी आयरीन मॉर्गन ह्या बाईंचा खटला आला. व्हर्जिनियातून बाल्टिमोरकडे जाणाऱ्या बसमध्ये गोऱ्या उतारूसाठी जागा सोडण्याचे त्यांनी नाकारले होते. त्याबद्दल झालेला दहा डॉलरचा दंड भरण्यास त्या तयार नव्हत्या. त्यांचीही बाजू ह्याच दोघांनी मांडली, आणि एका राज्यातून दुसऱ्या राज्यात जाणाऱ्या बसगाड्यांत राज्याचा वर्णभेदाचा कायदा चालणार नाही असा निकाल १९४६ साली मिळाला. हा निकाल समतेच्या कलमावर नव्हे, तर आंतरराज्य व्यापाराच्या कलमावर आधारलेला होता. जेथे समोरचे दार उघडत नाही तेथे बाजूच्या दाराने आत जाणे हे वकिलाचे कसब आहे.

१९४६ ते १९४९ ह्या काळात तो व्हर्जिन बेटांचा गव्हर्नर होता. त्याविषयी आज बोलत नाही. ऑक्टोबर १९४९ मध्ये ट्रुमन ह्यांनी त्यास तिसऱ्या सर्किटच्या अपील न्यायालयावर नेमले. पेनसिल्व्हेनिया, न्यू जर्सी, डेलावेअर आणि व्हर्जिन बेटे हा त्या न्यायालयाचा प्रदेश. सिनेटचे अधिवेशन नसताना केलेली ही तात्पुरती नेमणूक होती. पुढे त्याच्यावर साम्यवादी संघटनांशी संबंध असल्याचे आक्षेप घेतले गेले आणि संमती १९ जुलै १९५० रोजी मिळाली. तोपर्यंतचे नऊ महिने उद्या आपण येथे असू की नाही हे ठाऊक नसताना तो न्यायदान करीत होता.

येथून चरित्राचा सूर बदलतो. न्यायाधीशास सभा नाही, पत्रक नाही, पक्ष नाही. १९५४ साली शाळांतील वर्णभेद घटनाबाह्य ठरविणारा ब्राउन खटल्याचा निकाल लागला, तेव्हा त्याचा शिष्य मार्शल वकिलांच्या अग्रभागी होता. ह्यूस्टन १९५० साली वारले होते, आणि हेस्टी न्यायासनावर मौन होता. त्याचे निकाल रेखीव, मुद्देसूद आणि संयमाचे असत. एक उदाहरण देतो. १९६५ साली पेनसिल्व्हेनियातील कॅम्ब्रिया जिल्ह्याच्या डेमोक्रॅटिक पक्षात जिल्हाध्यक्ष निवडण्याच्या पद्धतीविरुद्ध एक दावा त्याच्यासमोर आला. प्रत्येक मतास सारखे वजन हे तत्त्व पक्षाच्या अंतर्गत निवडणुकीसही लावा, अशी मागणी होती. एकवीस वर्षांपूर्वी ‘पक्ष खाजगी नव्हे’ असे सर्वोच्च न्यायालयात सांगणारा वकील आता न्यायाधीश होता. त्याने दावा मान्य केला नाही. सरकारी अधिकारपदाचा उमेदवार ठरविणारी प्राथमिक निवडणूक हे राज्याचे कार्य होय; पक्षाने आपला कारभार पाहणारा अध्यक्ष निवडणे हे राज्याचे कार्य नव्हे, असा भेद त्याने केला. कोणी म्हणेल, वकिलीतली धार बोथट झाली. मला तसे वाटत नाही. स्मिथ खटल्यात सर्व भर प्राथमिक निवडणूक ही खऱ्या निवडणुकीचाच भाग आहे ह्यावर होता. तोच धागा त्याने येथे प्रामाणिकपणे ओढला, आणि तो जेथे तुटतो तेथे थांबला.

तथापि ह्या संयमाची किंमत त्यास द्यावी लागली. १९६२ साली सर्वोच्च न्यायालयात जागा रिकामी झाली तेव्हा राष्ट्राध्यक्ष केनेडी ह्यांच्यापुढे हेस्टीचे नाव होते. दक्षिणेकडील सिनेटर बिथरतील ही एक भीती होती. दुसरा आक्षेप उलट दिशेने आला. खुद्द सरन्यायाधीश वॉरन ह्यांस हेस्टी फार सनातनी वाटला, असे त्या काळाच्या आठवणींत नमूद आहे. एकास तो फार काळा, दुसऱ्यास फार सौम्य! जागा बायरन व्हाइट ह्यांस मिळाली. पाच वर्षांनी, १९६७ साली, थर्गुड मार्शल त्या न्यायालयात गेले. गुरूस मिळाले नाही ते शिष्यास मिळाले. शिष्याच्या हातून घडलेल्या कामाचा पाया कोणी घातला हे त्या शिष्यास ठाऊक होते.

१९६८ साली हेस्टी तिसऱ्या सर्किटचा मुख्य न्यायाधीश झाला, १९७१ साली ज्येष्ठ न्यायाधीश म्हणून कामाचा भार कमी केला, आणि १४ एप्रिल १९७६ रोजी वयाच्या ७१ व्या वर्षी वारला. १९४९ साली तो एकटाच होता. मार्शल १९६१ साली दुसऱ्या सर्किटवर आले, कॉन्स्टन्स बेकर मॉटली ह्या बाई १९६६ साली न्यूयॉर्कमध्ये जिल्हा न्यायाधीश झाल्या, आणि हेस्टीच्याच न्यायालयात १९७७ साली लिऑन हिगिनबॉथम बसले. फिलाडेल्फिया येथील त्या न्यायालयाच्या ग्रंथालयास आता हेस्टीचे नाव आहे.

माझा वेळ संपला आहे. कायद्याच्या वर्गात जाणाऱ्या ज्या मुलामुलींना नॉरफोकच्या खटल्याविषयी किंवा राजीनाम्याविषयी वाद घालावयाचा असेल, त्यांच्यासाठी मी येथे थांबतो.